तिसरी पुकार

यशवंतराव बोंद्रे यांनी चौतीस वर्षं मालगाडी चालवली आणि चौतीस वर्षांत एकही लाल सिग्नल ओलांडला नाही. ही फुशारकी ते स्वतः कधी मारत नसत. ते काम त्यांच्या पत्नी विनोदिनीबाईंकडे होतं, आणि त्या ते कौतुकानंच करत होत्या असंही नाही. "हिरवा दिवा दिसल्याशिवाय हा माणूस ताटावरूनही उठत नाही," असं त्या रायपूरच्या गुढियारीतल्या शेजारणींना सांगायच्या. पण खरंच, कोरब्याचा कोळसा भिलाईला नेताना उरकुऱ्याच्या आउटर सिग्नलला गाडी अडवली की यशवंतराव थांबले. तास गेला, दोन तास गेले, एकदा मे महिन्यात साडेसहा तास गेले. बरोबरचा असिस्टंट दत्तू देवगडे इंजिनातून उतरून, बाभळीखाली झोप काढून परत यायचा, तरी हे आपले काचेतून त्या लाल दिव्याकडे बघत बसलेले. पुढं रूळ मोकळा आहे, घर हाकेच्या अंतरावर आहे, पण हुकूम नाही म्हणजे नाही.

अशा माणसावर कोर्टाची पायरी चढायची वेळ यावी, याहून वाईट थट्टा नशिबाला सुचली नसती.

झालं ते असं. राज्य नवं झालं, रायपूर राजधानी झालं, आणि मग त्या राजधानीला रायपूर पुरेना म्हणून पलीकडे शेतांमध्ये आणखी एक नवं रायपूर बांधायला काढलं. त्या नव्या शहराचे रस्ते आखणाऱ्या एका कंपनीत बोंद्र्यांचा एकुलता एक मुलगा गौतम कामाला होता. ऑफिस तेलीबांध्याला, काम मात्र उन्हात. दुर्बीण लावायची, खुंट्या ठोकायच्या, पोलादी फीत ओढायची. "बाबा, आज मी ज्या वावरात उभा होतो ना, तिथून मंत्र्यांच्या गाड्या जाणार आहेत," असं तो जेवता जेवता सांगायचा. सव्वीस वर्षांचा होता. नागपूरकडच्या दोन मुली बघून झाल्या होत्या.

दोन हजार नऊच्या मार्चमध्ये, दुपारी चारच्या सुमारास, कंपनीचे पाइप आले का बघायला तो भनपुरीला एका ट्रान्सपोर्टवाल्याकडे गेला. परत निघताना चौकातल्या ठेल्यावर चहा प्यायला आणि मोटरसायकलला किक मारून रस्त्यावर आला. एक ट्रक गोदामाच्या फाटकातून मागे न बघता उलटा बाहेर पडला. दवाखान्यात नेईपर्यंत सगळं संपलं होतं.

पुढं रीतीप्रमाणे क्लेमची केस झाली. भरपाई किती मिळेल, याचा हिशेब यशवंतरावांनी कधी केला नाही. पेन्शनवर दोघांचं भागत होतं. त्यांना कोर्टात जाणं भाग पडलं ते एका ओळीमुळं. ट्रकमालक आणि विमा कंपनी यांनी जो जवाब दाखल केला, त्याच्या तिसऱ्या पानावर लिहिलं होतं : 'मृतक स्वयं शराब के नशे में वाहन चला रहा था.'

गौतम सुपारीचं खांडही तोंडात टाकत नव्हता.

"काका, हे छापील असतं," विशाल वकिलानं त्यांना समजावलं. "सगळ्या जवाबात लिहितात. नाव बदलतात फक्त. साक्ष झाली की कटून जाईल. टेंशन मत लो."

पण छापील असो की हातानं लिहिलेली, ओळ ती ओळ. वकिलाच्या मुन्शीनं ती घरी सांगितली, मुन्शीच्या बायकोनं शेजारी सांगितली, आणि संक्रांतीच्या हळदीकुंकवाला मराठी मंडळाच्या हॉलमध्ये कुणी एक बाई विनोदिनीबाईंच्या पाठीवर हात ठेवून म्हणाली, "असू द्या हो बाई. आजकालची पोट्टी पेतातच. त्यात तुमचा काय दोष?" बाई वाईट नव्हती. तिला धीरच द्यायचा होता. विनोदिनीबाईंनी हातातलं वाण खाली ठेवलं, चपला घातल्या आणि घरी आल्या. तेव्हापासून त्या मंडळात गेल्या नाहीत, गणपतीतही नाही, कुणाच्या बारशालाही नाही.

"कोर्टाचा कागद येईल," त्या म्हणायच्या. "त्याच्यावर लिहून येईल की माझा पोरगा शुद्धीत होता. तो कागद घेऊनच जाईन मी."

त्या एका कागदासाठी दोघं नवरा-बायको जगत होते. दुसरं काही उरलंच नव्हतं.

आता विशालबद्दल सांगायला हवं. विशाल म्हणजे त्या दत्तू असिस्टंटचा मुलगा, जो बाभळीखाली झोपायचा. दत्तू लवकर गेला. विशाल लहानपणी बोंद्र्यांच्या रेल्वे क्वार्टरमध्ये गौतमबरोबर एका ताटात जेवलेला. वकील झाला तेव्हा पहिला काळा कोट घालून काका-काकूंच्या पाया पडायला आला होता. गौतमची केस त्यानं आपणहून घेतली आणि फीचं नाव काढताच कानांना हात लावले. "तुमच्याकडून फी घेऊ? बाबा वरून येऊन जोड्यानं मारतील मले."

आणि इथंच घोडं पेंड खायला लागलं. ज्याला पैसे मोजले त्याला माणूस दोन शब्द सुनावू शकतो. ज्यानं घेतलेच नाहीत, त्याला कोणत्या तोंडानं बोलणार? तारीख कोणती, हे विचारायलासुद्धा यशवंतरावांना संकोच वाटायचा. आपल्या माणसाला काय खोदून खोदून विचारायचं! गुढियारीत आपल्याकडच्या लोकांची हीच रीत आहे; परक्याशी भांडायला कमी करणार नाहीत, पण आपल्या माणसापुढं भीड आडवी येते आणि ती बरोबर चुकीच्या वेळी येते.

विशाल वाईट होता असं नाही. तो मोठा होत होता, एवढंच. नव्या राजधानीसाठी जमिनी गेल्या, जमिनींच्या केसेस उभ्या राहिल्या, त्यात विशालला सरकारी पॅनेलवर जागा मिळाली. आठवड्यातून दोन दिवस बिलासपूरला हायकोर्ट. तेलीबांध्याला काचेचं ऑफिस. गौतमची फाइल त्या ऑफिसात कुठंतरी होती.

दुसऱ्या वर्षीची एक गोष्ट. विशालला यायला उशीर झाला आणि पुकार झाली. पुकार म्हणजे कोर्टाचा चपराशी दाराशी येऊन पक्षकाराच्या नावानं हाक देतो ती. यशवंतराव एकटेच आत गेले. न्यायाधीश साहेबांनी सहज विचारलं, "हेल्मेट पहने था लड़का?" यशवंतराव म्हणाले, "नहीं साहब, चाय पीते टाइम हँडल पे टाँगा था, वहीं रह गया." खरं तेच सांगितलं. विमा कंपनीच्या वकिलानं ताबडतोब ते लिहून घ्यायला लावलं.

ते बाहेर आल्यावर, उशिरानं पोचलेल्या विशालनं कपाळाला हात मारला. "काका, हात जोडतो. यापुढं माझ्याशिवाय आत पाऊलही टाकायचं नाही. पुकार झाली तरी नाही. मी आलो की जायचं. तुम्ही बोलले की केस बिघडते."

"बरं," यशवंतराव म्हणाले. त्यांच्या दृष्टीनं तो हुकूम झाला. चौतीस वर्षं ज्यानं हुकूम पाळला, त्याला तो मोडायचा कसा हे येतच नव्हतं.

मग तारखा पडत गेल्या. कधी साहेब रजेवर, कधी वकिलांचा संप, कधी साहेबांची बदली, कधी विशाल बिलासपूरला. प्रत्येक तारखेला यशवंतराव इस्त्रीचा शर्ट घालून, डबा घेऊन, अकराच्या आधी कचेरीच्या व्हरांड्यातल्या बाकावर हजर. विमा कंपनीच्या वकिलालाही नमस्कार करायचे. समोरच्या रुळावरून गाडी गेली की तिच्या ड्रायव्हरला हात दाखवायची सवय, तीच इथं.

त्यांच्या शेजारी दयाराम बसायचा. भनपुरी चौकातला चहाचा ठेला याचाच. गौतमनं शेवटचा चहा त्याच्याकडे घेतला, आणि ट्रक उलटा आला तेव्हा गौतमला उचलून सावलीत त्यानंच ठेवलं. तो एकटाच साक्षीदार होता. साक्षीसाठी त्याच्याकडे पूर्ण बाह्यांचा एक पांढरा शर्ट होता. तारीख असली की ठेला बंद, शर्ट अंगात. पाच वर्षांत एकूण नऊ वेळा आला आणि नऊ वेळा न बोलता परत गेला. शर्टाची कॉलर फाटली, उलटवून शिवली, पण साक्ष काही झाली नाही.

दोन हजार चौदाच्या फेब्रुवारीत साहेबांनी 'अंतिम अवसर' दिला. मार्चच्या तारखेला साक्ष झाली नाही तर पुढं तारीख मिळणार नाही. विशालनं फोनवर सांगितलं, "काका, दयारामले घेऊन या. मी आहे ना."

त्या दिवशी साडेअकराला पहिली पुकार झाली. "यशवंतराव बोंद्रे!" विशाल आला नव्हता. यशवंतरावांनी फोन लावला, बंद होता. आत फाइल बाजूला ठेवली गेली. एक वाजता दुसरी पुकार झाली. यशवंतराव उठले, बार रूमपर्यंत गेले, कँटीन बघितलं, खालच्या मजल्यावरचं झेरॉक्सचं दुकान बघितलं. जिन्यात त्यांना विमा कंपनीचा वकील भेटला. यशवंतरावांनी नमस्कार केला आणि विचारलं, "साहब, हमारे वकील साहब दिखे क्या कहीं?"

आता कुणी म्हणेल, शत्रूच्या माणसाला असं विचारतात काय? पण त्यांच्या डोक्यात शत्रू वगैरे नव्हतंच. कोर्टातला माणूस, कोर्टातल्या माणसाबद्दल विचारावं, एवढंच.

"पीछेवाली बिल्डिंग में देखिए दादा," वकील हसून म्हणाला आणि वर गेला.

मागच्या इमारतीत विशाल नव्हता. यशवंतराव धापा टाकत परत आले तेव्हा चार वाजत आले होते, आणि चपराशी दाराशी उभा होता. "यशवंतराव बोंद्रे! यशवंतराव बोंद्रे हाजिर हो!"

दयारामनं त्यांचा दंड धरला. "जाव न कका. तुँहर नाव ए. भीतरी जाव."

"वकील नाही आला रे."

"वकील नइ आय हे त का होगे? तुमन तो हव न!"

यशवंतराव दारापाशी गेले. एक पाऊल उंबऱ्याच्या आत टाकलं. आत साहेब मान खाली घालून काही लिहीत होते. सात-आठ पावलं, फार तर दहा. आत जाऊन 'हाजिर हूँ' एवढंच म्हणायचं होतं. साहेबांनी कदाचित एक तास दिला असता, कदाचित दयारामला तसाच उभा करून त्याचं म्हणणं लिहून घेतलं असतं. पण यशवंतरावांच्या कानात विशालचा आवाज होता : तुम्ही बोलले की केस बिघडते. गौतमची केस. त्यांनी पाऊल मागे घेतलं. तेवढ्यात खाली पांढरी गाडी थांबल्यासारखी दिसली, तशीच गाडी विशालची होती. ते जिना उतरून धावले. गाडी दुसऱ्याच कुणाची होती.

परत आले तेव्हा पेशकार, म्हणजे साहेबांचा कारकून, फाइलला लाल फीत बांधत होता.

"बाबा, वो तो अदम पैरवी में खारिज हो गई."

"म्हणजे?"

"मतलब न आप आए, न आपका वकील. तीन बार पुकार लगी."

"मैं तो यहीं था."

पेशकारानं चष्म्यावरून बघितलं. "यहीं मतलब? अंदर थे क्या?"

यशवंतराव बाहेर होते.

संध्याकाळी विशाल घरी आला. बिलासपूरला जमिनीची मोठी केस अचानक लागली होती, ज्युनियरला उभं राहायला सांगितलं होतं, ज्युनियर दुसऱ्या कोर्टात अडकली, फोन गाडीत राहिला. एकेक कारण खरं होतं. त्याचे डोळे भरून आले होते, तेही खरं होतं. विनोदिनीबाईंनी ऐकून घेतलं. आल्यागेल्याला चहा देणारी ती बाई, तिनं त्या दिवशी चहा विचारला नाही.

"काकू, केस परत उभी होते," विशाल म्हणाला. "तीस दिवसांत अर्ज लावायचा. कारण दाखवायचं, की हजर का नव्हते. मी लिहून आणलं आहे. शपथपत्र आहे, काकांची सही पाहिजे."

यशवंतरावांनी चष्मा लावून वाचलं. त्यात लिहिलं होतं की अर्जदार वयोवृद्ध आहे, त्या दिवशी तापानं अंथरुणाला खिळलेला होता, सबब न्यायालयात येऊ शकला नाही. सोबत डॉक्टरचा दाखला जोडायचा होता. तोही विशालनं समता कॉलनीतल्या ओळखीच्या दवाखान्यातून करून आणला होता.

"पण मी होतो ना तिथं," यशवंतराव म्हणाले.

"तेच तर लिहायचं नाही, काका. होते म्हटलं तर साहेब विचारतील, मग आत काहून नाही आले? त्याले उत्तर नाही आपल्याकडे."

"तू नाही म्हणला होता ना मले."

विशालनं मान खाली घातली.

"मग तूच लिही न, विशाल. तू आला नाही म्हणून. खरं आहे ते."

मग विशाल हळू आवाजात म्हणाला, "तसं लिहिलं तर पॅनेलवरून काढतील मले, काका. दोन पोट्टी आहेत. एकच झूठ बोलायचं आहे. गौतमसाठी."

तीन दिवस तो कागद टेबलावर पडून राहिला. यशवंतराव त्याच्या आजूबाजूनं फिरायचे, पण हात लावायचे नाहीत. आयुष्यभराच्या ड्युटीच्या नोंदवहीत त्यांनी एक मिनिट इकडचं तिकडं लिहिलं नव्हतं. चौथ्या दिवशी विनोदिनीबाईंनी पेन आणून समोर ठेवलं.

"करा सही. त्या लोकांनी आपल्या पोट्ट्याच्या नावानं एवढं मोठं खोटं लिहिलं, त्याइचा हात नाही थरथरला. तुमचाच काहून थरथरून राहिला?"

"मी तिथं होतो, विनू."

"मले माहीत आहे तुम्ही तिथं होते. पाच वर्षांपासून तिथंच आहे तुम्ही. करा सही."

त्यांनी सही केली. सही नेहमीसारखी आली नाही.

अर्जालाही तारखा पडल्या, त्या सांगत बसत नाही. शेवटी सुनावणी लागली ती जानेवारीत. या वेळी विशाल पावणेअकरालाच हजर होता, कोट नवा, फाइल हातात. दयाराम उलटवलेल्या कॉलरचा शर्ट घालून बाकावर बसला होता. त्याची आज गरज नव्हती, हे त्याला कुणी सांगितलंच नव्हतं. पुकार झाली. विशालनं काकांच्या खांद्यावर हात ठेवला आणि दोघं बरोबर आत गेले. यशवंतरावांना वाटलं, इतकं सोपं होतं हे.

विशाल छान बोलला. वय, ताप, दाखला, एकुलता एक मुलगा. साहेबांनी मान हलवली. आता ते हो म्हणणार, असं यशवंतरावांना दिसत होतं. मग विमा कंपनीचा वकील उठला.

"हुजूर, ज्या दिवशी हे अंथरुणाला खिळले होते, त्या दिवशी मला याच इमारतीच्या जिन्यात भेटले. नमस्कार केला. माझे वकील दिसले का म्हणून मलाच विचारलं." हे सगळं तो हिंदीत म्हणाला, आणि अजिबात आवाज न चढवता. "मी खोटं बोलत असेन तर त्यांनाच विचारा. सज्जन माणूस आहे."

साहेबांनी पेन खाली ठेवलं. त्यांचा स्वर कठोर नव्हता. आजोबांशी बोलावं तसंच ते बोलले. "बोलिए बाबा. उस दिन आप घर पर थे, कि यहाँ थे?"

यशवंतरावांनी विशालकडे बघितलं. विशाल फाइलमध्ये बघत होता. 'घर पर था' एवढे तीन शब्द. सही करून तर ते आधीच म्हटले होते, आता तोंडानं म्हणायचे. समोर वकील उभा होता, ज्याला त्यांनी खरंच नमस्कार केला होता. यशवंतरावांनी तोंड उघडलं आणि जे बाहेर आलं ते त्यांच्या सगळ्या आयुष्याचं होतं.

"हाजिर था, हुजूर."

दहा महिन्यांपूर्वी याच खोलीत या एका शब्दावर केस वाचली असती. आज त्याच शब्दानं ती बुडाली.

"हाजिर थे, तो अंदर क्यों नहीं आए?"

"वकील साहब नहीं आए थे. उन्होंने कहा था, मेरे बिना नहीं जाना."

विशालची मान आणखी खाली गेली. साहेबांनी पेन परत उचललं. मग म्हणाले की वयाकडे बघून खोट्या शपथपत्राची कारवाई करत नाही, पण अर्ज मान्य करता येणार नाही. त्यांनी तिथंच टायपिस्टला ओळी सांगितल्या, आणि यशवंतराव उभे राहून ऐकत होते : आवेदकानं असत्य शपथपत्र दिलं, आवेदकानं स्वतः कबूल केलं की तो त्या दिवशी हजर होता, सबब कारण पुरेसं नाही, अर्ज निरस्त. गौतमचं नाव त्या आदेशात आलंच नाही. जे त्याच्याबद्दल लिहिलेलं होतं ते जवाबाच्या तिसऱ्या पानावर तसंच राहिलं, आणि आता त्याच फाइलला आणखी एक पान लागलं. पोरगा दारुडा, बाप खोटारडा. दोन्ही सरकारी कागदावर.

बाहेर विशाल म्हणाला, "काका, बिलासपूरले अपील करू. मी..." यशवंतरावांनी हात वर केला, फलाटावरच्या माणसाला करतात तसा, आणि तो गप्प झाला. त्यांना त्याचा राग आला नव्हता. राग यायला माणसात काही शिल्लक असावं लागतं.

दयाराम बाकावरून उठला. शर्ट खाली ओढून सारखा केला. "आज मोर बयान होही का, कका?"

यशवंतराव त्याच्याकडे बघत राहिले. दहावी खेप होती ही त्याची. "चल," ते म्हणाले. "घरी चल. काकूले सांग."

इतक्या वर्षांत विनोदिनीबाईंनी दयारामला बघितलं नव्हतं. तो स्वयंपाकघराच्या दाराशी बसायला लागला, तेव्हा त्यांनी खुर्ची पुढं केली. यशवंतरावांनी काय झालं ते आधी दोन वाक्यांत सांगितलं. त्यांनी चहा ठेवला. मग दयारामनं, जणू साहेबच समोर बसले आहेत असं ताठ बसून, आपली साक्ष दिली.

"भैया मोर ठेला म आइस, दाई. आधा कप चाय पिइस. पइसा दिस. कुछु नइ पिये रिहिस, मोर लइका के कसम. ट्रक ह पाछू डहर ले आइस. मैं उठायेंव त पानी मांगिस. अऊ फीता ल खोजत रिहिस."

"काय शोधत होता?"

"फीत," यशवंतराव म्हणाले. "मापायची. कंपनीची."

"हव, दाई. घेरी-बेरी, बार-बार पूछय, फीता कहाँ हे. ऑफिस के हे, जमा करना हे कहय. मैं खोज के ओकर हाथ म धरा देंव. तब चुप होइस."

विनोदिनीबाईंनी चहा गाळला. कप दयारामच्या हातात दिला, दुसरा नवऱ्यापुढं ठेवला. त्यांचा चेहरा काही सांगत नव्हता. रस्त्यावर रडायला लागलेलं मूल घरी आल्यावर जसं अचानक गप्प होतं, तशा त्या होत्या. दयारामनं चहा संपवला, त्यांच्या पाया पडला आणि ठेला उघडायला निघून गेला. यशवंतरावांना वाटलं, आता ती मोकळी होईल. एवढं तरी आपल्या हातून झालं.

विनोदिनीबाई कप विसळत होत्या. पाठ त्यांच्याकडे होती.

"हे मले कायले ऐकवलं तुम्ही?" त्या म्हणाल्या. "मी कधी विचारलं होतं काय, तो प्यायला होता काय म्हणून? मले तर माहीतच होतं. सांगायचं होतं ते मंडळातल्या त्याइले."